पाच मिलिसेकंदांचा वारा

तिच्या मुलीने शाळेच्या निबंधात लिहिलं होतं, ‘माझी आई दिवसभर तयारी करते आणि पाच मिलिसेकंद काम करते.’ नवरा पोट धरून हसला. ती मात्र म्हणाली, “बरोबर लिहिलंय की. कधीकधी चारच.”

ती स्वतः बस डेपोतल्या मेकॅनिकची मुलगी, आणि आवाजाच्या पाचपटीहून जास्त वेगाने उडणाऱ्या यानांवर संशोधन करायची. तिच्या प्रयोगशाळेत खोलीच्या या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत एक पोलादी नळी होती. एका टोकाला वायू दाबून भरायचा, मध्ये धातूचा पातळ पडदा. पडदा फुटला की वारा सुटायचा आणि पापणी लवायच्या आत संपायचाही. तेवढ्या वेळात यानाची हातभर प्रतिकृती कुठे किती तापते, ते मोजून घ्यायचं. अठरा वर्षं तिने हेच केलं होतं.

नवं यान उडायला पाच महिने उरले असताना एक आकडा चुकीचा आला. नाकाच्या थोडं मागे, जिथे तिच्या गणिताप्रमाणे यान कोमट राहायला हवं होतं, तिथे उष्णता दुपटीने वाढलेली दिसली.

“सेन्सर गेला असेल,” प्रकल्पप्रमुख म्हणाले. “सोडून द्या.”

तिने सेन्सर बदलला. जागा तीच, आकडा तोच. मग ती वर्कशॉपमध्ये मिस्त्रींकडे गेली. प्रतिकृती तेच घडवायचे.

“मिस्त्री, रागावू नका. जोडावर कुठे केसभर उंचवटा राहिलाय का?”

मिस्त्री रागावलेच. “माझ्या कामावर आजवर कुणी बोट ठेवलं नाही, मॅडम.” पण तीन आठवडे खपून त्यांनी दुसरी प्रतिकृती केली, आरशासारखी गुळगुळीत. तीही त्याच जागी तापली.

आता दोष द्यायला कुणी उरलं नव्हतं. त्या तापणाऱ्या जागेवरचं, यानाच्या पोटाचं हलकंसं वळण सहा वर्षांपूर्वी तिनेच काढलं होतं, आणि त्याबद्दल तिचं कौतुकही झालं होतं. संध्याकाळी स्वयंपाकघरात ती कांदा हातात घेऊन नुसतीच उभी राहिली.

“काय झालं?” नवऱ्याने विचारलं.

“वळण चुकलंय. माझं.”

“अजून कुणाला कळलंय?”

“नाही. नळीत वारा गडबड करतो, हवेत असं होणार नाही, असं म्हटलं तर सगळे मान्य करतील. ते अगदीच खोटंही नाही.”

“मग?”

“मग काय. मला पटत नाही ना.”

दुसऱ्या दिवशी सगळ्यांसमोर तिने आलेख मांडले आणि म्हणाली, “सेन्सर ठीक आहे. मिस्त्रींचं काम चोख आहे. वळण माझं आहे, चूकही माझीच. असंच उडवलं तर यान इथून वितळेल.”

प्रमुखांचा चेहरा उतरला. “किती वेळ लागेल?”

“वर्षभर.”

अकरा महिने लागले. त्या काळात काही सहकाऱ्यांनी तिच्याशी बोलणं टाकलं. एकाने तोंडावर सुनावलं की तुमच्यापायी आमची उमेदीची वर्षं वाया चालली आहेत. ते तिला लागलं, पण ती नळीकडे परतली. नव्वद वेळा पडदा फोडला. सव्विसाव्या आकाराला आकडा खाली आला, आणि तरी तिने पुढचे चार आकार तपासलेच.

उड्डाण एका स्वच्छ सकाळी झालं. रॉकेटने यान वर नेऊन सोडलं आणि पुढची साडेतीन मिनिटं ते आवाजाच्या सातपट वेगाने गेलं. नियंत्रण कक्षात सगळे वेगाचा आकडा बघत होते. ती मात्र नाकामागच्या त्या एका जागेचं तापमान बघत होती. ते चढलं, ठरल्या मर्यादेच्या बरंच अलीकडे थांबलं, आणि यान समुद्रात पडेपर्यंत तिथेच राहिलं. टाळ्या सुरू झाल्या तेव्हाही ती त्याच आकड्याकडे बघत होती. तोंडावर सुनावणारा तो सहकारी पाण्याचा ग्लास घेऊन आला आणि शेजारी बसला.

अहवालातून प्रमुखांनी तिच्या चुकीबद्दलचा भाग मोठ्या मनाने गाळला होता. तिने तो परत घातला, पहिल्याच प्रकरणात, स्वतःच्या नावानिशी, चुकलेल्या वळणाच्या आकृतीसकट.

“लोक हेच लक्षात ठेवतील,” प्रमुख म्हणाले.

“ठेवू देत. पुढच्यांना तेच तर उपयोगाचं आहे.”