शेवंतीची उलटी टीप

शेवंती परबची शिवण लालबागात लपत नाही. एकदा घातलेली टीप उसवायची म्हटलं तर ब्लेड बोथट होईल, दोरा हटणार नाही. त्यात ती डावखुरी. बाकीच्या बायका उजवीकडून शिवत येतात, ही डावीकडून निघते. हातशिलाईत सरळ धावदोरा घालणं तिला माहीतच नाही. प्रत्येक टाका एक पाऊल मागे घेऊन पुढे टाकायचा, अशी बारीक, घट्ट उलटी टीप. अठ्ठावन्न वर्षांची झाली, चाळीच्या तळमजल्यावरचं दुकान तिनं या टिपेवर उभं केलं.

पण त्या सकाळी दुकान बंद होतं. सत्र न्यायालयात तिची साक्ष होती, आणि टॅक्सीत शेजारी बकुळा बसली होती.

बकुळा शेजारच्या खोलीतली. तीन वर्षांपूर्वी दिवेलागणीला तिच्या मुलाच्या, दीपकच्या डोक्यात कुणीतरी मागून लोखंडी सळी घातली आणि ती तिथेच टाकून पळाला. सतरा टाके पडले. मारणारा दिसला नाही, पण आठवडाभर आधीच माझगावच्या कॅल्विन नावाच्या गॅरेजवाल्याशी दीपकची मारामारी झाली होती. पोलिसांनी कॅल्विनच्या घराची झडती घेतली. झडतीला दोन पंच, म्हणजे बाहेरचे साक्षीदार, लागतात. हवालदार बाबुरावांनी चौकीजवळच्या तिच्या दुकानातून शेवंतीलाच जीपमध्ये घातलं. जखमीची शेजारीण पंच म्हणून चालेल का, हे ना त्यांनी विचारलं, ना तिला सुचलं.

"शेवंते, घाबरू नको गो," बकुळा म्हणाली. "सही माझी, एवढंच सांगायचं. जाऊ दे मेल्याला दहा वर्षं आत!"

"जाईलच," शेवंती म्हणाली. तिलाही शंका नव्हती. कॅल्विनच्या शर्टावर दीपकचं रक्त सापडल्याचा प्रयोगशाळेचा अहवाल होता. आणखी काय हवं?

ती कोर्टात शिरली. आरोपीच्या पिंजऱ्यात कॅल्विन. मागच्या बाकावर त्याची आई, ज्युलिएट, फिकट निळ्या झग्यात, हातातली माळ इतकी घट्ट धरलेली की बोटं पांढरी पडली होती. दुसऱ्या टोकाला बकुळा. मधे साक्षीदाराचा कठडा. शेवंतीनं दोघींकडेही बघायचं टाळलं.

शपथ झाली. सरकारी वकिलांनी प्रयोगशाळेचं पाकीट उघडलं. आतून पांढऱ्या कापडाचं जुनं पुडकं निघालं. प्रयोगशाळेनं ते एका बाजूनं कापलं होतं, बाकीच्या तीन बाजू तशाच शिवलेल्या. वर लाखेचं सील, वर चिठ्ठी.

"चिठ्ठीवरची सही तुमची?"

"हो साहेब."

"आरोपीच्या घरी शर्ट याच पुडक्यात तुमच्यासमोर सील केला?"

"हो" ओठांवर आलंच होतं. पण पुडकं हातात होतं, आणि शिवणकाम करणाऱ्या बाईचं बोट आपसूक शिवणीवरून फिरतं. फिरलं आणि थांबलं.

जाड दोरा. लांब लांब टाके. उजवीकडून घातलेला धावदोरा!

तिला तो दिवस लख्ख आठवला. माझगावच्या त्या खोलीत बाबुराव दाभण घेऊन पुडकं शिवायला बसले होते. ती खेकसली होती, "अहो, पोतं शिवताय की काय? द्या इकडे!" आणि पिशवीतल्या स्वतःच्या रिळातून बारीक पांढरा दोरा काढून तिनं ते चारी बाजूंनी शिवलं होतं. आपल्या हातानं. डावीकडून.

"बाई, उत्तर द्या."

एक शब्द. "हो" म्हटलं की संपलं. संध्याकाळी बकुळा पेढे वाटेल, चाळ टाळ्या वाजवेल. मागे बकुळानं खोकल्यासारखं केलं.

"सही माझी आहे," शेवंती म्हणाली. स्वतःचाच आवाज तिला मोठा वाटला. "शिलाई माझी नाही."

कोर्टात कुजबुज उठली. सरकारी वकील म्हणाले, "तीन वर्षं झाली. तुम्ही विसरला असाल."

"माणसांची नावं विसरते मी साहेब. माझी टीप नाही विसरत."

बचावाच्या वकील पद्मजाबाई खुर्चीतून जवळजवळ उडाल्याच. न्यायाधीश मॅडमनी त्यांना हातानं थोपवलं आणि स्वतः विचारलं, "कशावरून म्हणता?"

शेवंतीनं पदराचा काठ उलटून दाखवला. "ही माझी शिलाई. आणि ही पुडक्यावरची. बघा ना मॅडम, आंधळ्यालाही बोटांनी कळेल!" मॅडमनी चष्मा वर केला, काठावरून बोट फिरवलं, मग पुडक्यावरून. आणि लेखनिकाला सांगितलं, "लिहून घ्या."

नंतर बाबुरावांची साक्ष झाली. पद्मजाबाईंनी आडवंतिडवं विचारल्यावर ते रडकुंडीला आले. पुडकं चोवीस दिवस चौकीच्या मुद्देमाल खोलीत पडून होतं. उंदरांनी ते कुरतडलं, आणि दीपकच्या रक्तानं भिजलेल्या कपड्यांचं पुडकंही. बाबुरावांनी दोन्ही एकाच टेबलावर, एकाच दुपारी नव्या कापडात शिवली, जुन्या चिठ्ठ्या वर चिकटवल्या, सील केलं आणि कुठेही नोंद केली नाही. "वाईट हेतू नव्हता मॅडम. कटकट नको म्हणून..."

शर्टावरचं रक्त मारताना उडालं की त्या टेबलावर लागलं, हे आता जगात कुणीच सांगू शकत नव्हतं. शर्ट पुराव्यातून गेला. दुसरा पुरावा नव्हताच. महिन्याभरानं कॅल्विन सुटला. ज्युलिएट धावत येऊन शेवंतीच्या गळ्यात पडली, तेव्हा शेवंती अवघडून उभी राहिली. "मी तुमच्या मुलासाठी नाही केलं हो," ती पुटपुटली. ज्युलिएट म्हणाली, "ठाऊक आहे. म्हणून तर कोर्टाला पटलं."

बकुळानं बोलणं टाकलं. सामायिक गॅलरीत दोघींचे कपडे शेजारी वाळत, पण दोघी एकमेकींकडे बघत नसत. अकराव्या दिवशी ती दुकानाच्या दारात येऊन उभी राहिली. डोळे सुजलेले.

"एक सांग. कॅल्विननं नाही मारलं, तर माझ्या झिलाला मारलं कुणी?"

"मारलं असेल त्यानंच, नसेलही. मला नाही माहीत."

"मग माझ्या हाती काय आलं गो?"

शेवंतीला राग आला, पण बकुळाचा नाही. "तुझ्या हातचं काढून घेतलं ते मी नव्हे, बकुळा! उंदीर लागले तेव्हाच तसं लिहून, पंचांना बोलावून पुन्हा बांधलं असतं, तर खरं काय ते कळलं असतं. ज्यानं मारलं तो आज सुटलाय, तो कॅल्विन असो की आणखी कुणी. आणि नीट तपास झालाच नाही कधी."

बकुळा उंबऱ्यावर मटकन बसली. मग पदरानं नाक पुसून म्हणाली, "सळी. ती सळी कुठे आहे? त्यावर बोटांचे ठसे बघितले काय कुणी?"

शेवंती दचकली. खरंच! सळीबद्दल कोर्टात कुणी एक शब्द काढला नव्हता.

तिनं मशीनवर कापड घातलं, चष्मा पर्समध्ये टाकला, अर्धं शटर ओढलं.

"चल."

"कुठे?"

"चौकीत. आधी अर्ज लिहू. पोच घेतल्याशिवाय हलायचं नाही."

आणि भरदुपारी त्या दोघी लालबागच्या रस्त्यानं इतक्या झपाझप निघाल्या, की नाक्यावरचा फुलवाला ओरडला, "मावशी, आग लागलीय काय?"

"लागलीय!" बकुळानं मागे न बघताच सांगितलं.