तेहतीस फेऱ्यांची तबकडी

राहुरीला मी कालव्याच्या पाण्याची मोजणी करत होतो, तेव्हाची गोष्ट. सत्तरचं दशक नुकतंच लागलं होतं. शेतीसंशोधनासाठी आलेल्या एका स्पॅनिश गृहस्थांच्या पत्नीला माझी बायको मराठी शिकवायला जायची. आठवड्यातून दोनदा, दीड तास. प्रत्यक्षात परतायला अडीच तास लागत. तो जास्तीचा तास त्या बाई तिला एक तबकडी ऐकवत. त्यांच्याकडच्या एका गायिकेनं खेड्यापाड्यांतली जुनी कथागीतं घेऊन त्यांना फ्लॅमेंको या त्यांच्या नाचगाण्यातली गिटार, टाळ्या आणि वर जॅझचा सॅक्सोफोन जोडला होता.

"आपल्या जात्यावरच्या ओव्यांसारखीच आहेत हो," बायको सांगायची. "टाळी समेवर पडत नाही, पण चुकतही नाही."

मग दिवसभर ती गुणगुणायची. मला ते खपत नव्हतं. माझ्याच घरात मला न कळणारं काहीतरी तिला कळत होतं, एवढंच कारण.

ते कुटुंब परत जायला निघालं तेव्हा बाईंनी तबकडी बायकोसाठी ठेवली. आणायला मी गेलो. मोडक्या मराठीत त्या मला म्हणाल्या, "जुन्या यंत्रावर नको. जाड सुई. गाणं मरेल."

आमच्याकडे वडिलांचा चावीचा फोनो, म्हणजे जुना ग्रामोफोन होता. पोलादी सुईचा, मिनिटाला अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांचा. तबकडीवर तेहतीस छापलेलं होतं. मी तबकडी बायकोला दिली, बाईंचा निरोप दिला नाही.

"यावर चालेल ना हो?" तिनं विचारलं.

"लावून बघ."

आवाज निघाला तो किरटा, पळता. ज्वारी निवडत बसलेली आई म्हणाली, "अगं बया, कोंबडीची मान पिरगाळली का काय! ह्येच ऐकाया जात हुतीस व्हय?"

मी हसलो. बायकोनं तबकडीच्या कडेला बोट टेकवून वेग कमी केला. दोन-चार फेऱ्या गायिकेचा आवाज खाली उतरला, गिटार ओळखू आली.

"हेच, हेच ते!" तिचा चेहरा उजळला.

सुईच्या मागं काळा बारीक भुगा साठत होता. मला तो दिसत होता.

"पुन्हा लाव," मी म्हणालो.

दुसऱ्यांदा आवाज फाटला. तिसऱ्यांदा नुसती खरखर.

"असं कसं झालं?"

तेव्हा मी तिला फेऱ्यांचा फरक आणि सुईची जाडी नीट समजावून सांगितली. बाई काय म्हणाल्या होत्या तेही.

"त्या कधी म्हणाल्या?"

"परवा."

"म्हणजे लावायच्या आधी."

"हो."

"आणि पुन्हा लाव म्हणालात."

तिनं फोनोचं झाकण लावलं.

"आई, आज यांना तुम्ही वाढा."

"का गं? तुझ्या हाताला काय झालं?"

आईनं वाढलं. मी जेवलो, दोन भाकरी.