चोपदाराचा हात

पेंटरमावशी कौतुक करायची ते भिंतीकडे तोंड करून. शिवी मात्र पूर्ण वळून, समोरच्याच्या डोळ्यांत बघून द्यायची. "कौतुक भिंतीनं ऐकलं तरी चालते," ती म्हणायची, "शिवी पत्त्यावर पोचली पाहिजे." माझ्या पत्त्यावर तिची पहिली शिवी पोचली ती सौंसरच्या एका गल्लीत, माझ्या हातात खळीचा डबा असताना.

मी पांढुर्ण्याची. हुंड्याविरुद्ध पत्रकं लिहायची, छापून आणायची आणि मिळेल त्या भिंतीवर चिकटवायची हे माझं काम होतं आणि आहे. त्या दिवशी सकाळच्या बसनं सौंसरला उतरून मी गल्ल्या पालथ्या घालत होते. 'हुंडा घेणारा भिकारीच!' हा मथळा माझाच, उद्गारचिन्हासकट. एक गुळगुळीत भिंत दिसली, तिथं पत्रक डकवलं. आमच्या भागात लग्नघराची दर्शनी भिंत रंगवून घेतात: वर गणपती, दोन हत्ती, दाराच्या दोन्ही बाजूंना पगडीवाले चोपदार, मधे 'शुभ विवाह' आणि खाली नवरा-नवरीची नावं. ही भिंत तसलीच आहे आणि माझं पत्रक बरोबर नवरदेवाच्या नावावर बसलं आहे, हे मी पाहिलंच नाही.

"कोणाच्या लग्नावर चिकटवून राहिली वं पोरी?"

समोरच्या घराच्या शिडीवर एक म्हातारी उभी होती. लुगड्याचा काचा घट्ट मारलेला, कानामागे बुरुश. एवढ्यात घरमालक बाहेर आला, पत्रक वाचलं आणि पेटलाच. "आम्ही हुंडा घेतला म्हणते का ही?"

म्हातारी सावकाश खाली उतरली. "घेतला तर होता भाऊ," ती त्याला म्हणाली, "पण भिंतीनं थोडीच घेतला?" मग माझ्याकडे वळली आणि जे काही बोलली ते इथं लिहिण्यासारखं नाही. शेवटचं वाक्य तेवढं लिहिते. "ते नखानं काढू नोको, पाणी लाव. माह्या गणपतीचा उंदीर उखडला तर तुले तिथं बसवीन, पाम्प्लेट!"

त्या दिवसापासून सौंसरात माझं नाव पाम्प्लेट.

मावशीचा नवरा दुकानांच्या पाट्या आणि लग्नाच्या भिंती रंगवायचा. त्यानं काढलेल्या रेघांत ती रंग भरायची. तो शिडीवरून पडला आणि पाय मोडून बसला, तेव्हा अर्धवट राहिलेल्या एका लग्नाच्या भिंतीवर तीच चढली, ती पुन्हा उतरलीच नाही. तिच्या भिंतींवर वेलबुट्टीच्या जागी संत्र्याच्या फांद्या असायच्या. "वेली काय कुठंही असतात. संत्रं आपलं आहे."

पुढं नागपूरहून चित्रकलेची मुलं वह्या घेऊन आली आणि मावशीची भिंतफेरी सुरू झाली. काळी छत्री, हात टेकवून रंगवायची बांबूची काठी, आणि मागं चपला घासत पंधरा-वीस माणसं. नियम एकच. ज्याच्या भिंतीपुढं चार वाजतील, त्याच्या घरी सगळ्यांचा चहा. त्यामुळं पावणेचारला गल्लीतली दारं पटापट लागायची. मावशी मुद्दाम बंद दारापुढं थांबायची आणि घड्याळात चार वाजेपर्यंत एकाच मोराबद्दल बोलत राहायची. आतून भांड्यांचा आवाज आला की म्हणायची, "मोर संपला. चला, चहा झाला."

फेरीत ती चित्रकलेबद्दल कमी आणि लग्नातल्या माणसांबद्दल जास्त सांगायची. "हत्तीचे डोळे पाहा. मी ते नवरीच्या मायचे काढते. लग्नात तिलेच तेवढी झोप नसते." किंवा, "निमंत्रकांत ज्या काकानं लय कटकट केली, त्याचं नाव एकदम खाली, गाय पाठ घासते तिथं." मुलं वहीत लिहून घ्यायची, काका लोक दुसऱ्या दिवशी भिंतीशी वाकून बघायचे.

मी तिची छत्री धरायला लागले. स्पष्ट सांगते, कलेसाठी नव्हे. इतक्या माणसांना एका जागी उभं करून ऐकवायची युक्ती मला हवी होती. माझं पत्रक तिनं एकदा लांब धरून वाचलं आणि परत दिलं. "तू ओरडून राहिली. ओरडणाऱ्याले लोक रस्ता देतात, कान नाही देत."

"मग काय करू?"

"चोपदाराचा हात पाह्य."

मी पाहिला. एका हातात दंड, दुसरा हात छातीवर. पुढच्या घरी दंड तोच, पगडी तीच, पण दुसरा हात पुढं पसरलेला. मला वाटलं, हा स्वागताचा हात. "या, बसा" म्हणणारा.

"हाव, मालकालेही तसंच वाटते," मावशी भिंतीकडे तोंड करून म्हणाली. "जिथं हुंडा घेतला नाही, तिथं हात छातीवर. जिथं घेतला, तिथं पसरलेला. दोन दिवस शिडीवर असते मी, खिडकीच्या उंचीवर. शिडीवरच्या माणसाले लोक कावळा समजतात, सारं बोलतात."

आम्ही चौकात घसा फोडत होतो आणि ही बाई तीस वर्षं घरोघरी, मालकाच्याच सांगण्यावरून, मालकाच्याच भिंतीवर त्याची कबुली रंगवत होती! मी कारण विचारलं. ती म्हणाली, "माह्या लग्नाच्या भिंतीवर चोपदार हात जोडून उभा होता, अन् आत सासू माह्या बांगड्या दातानं चावून पाहून राहिली होती. तवाच ठरवलं, मी काढीन ती भिंत खोटं बोलणार नाही." मग वळली. "भिंतीले हात लावून सांग, हे छापशील नाही. लोकांले कळलं तर माही एक भिंत राहायची नाही."

मी भिंतीला हात लावला.

आणि मी छापलं नाही. बोलले.

झालं असं की पुढच्याच फेरीत एक गृहस्थ पाहुण्यांपुढं छाती काढून सांगायला लागले, आमच्या मुलाच्या लग्नात आम्ही सुपारीसुद्धा घेतली नाही. त्यांच्या डोक्यामागं चोपदाराचा हात लांबच लांब पसरलेला. माझ्यासारखीनं किती वेळ गप्प बसायचं? "मग तुमचा चोपदार काय मागून राहिला?" असं मी विचारलं, आणि विचारल्यावर भाषण झालंच. हाताचा सगळा अर्थ, सगळ्या गल्लीसमोर, मुद्देसूद. भाषण संपलं तेव्हा मावशीनं माझ्या हातातली छत्री काढून घेतली. शिवी दिली नाही. तेच जास्त लागलं.

आठवडाभरात सौंसरात चुना मिळेनासा झाला. दिवाळी लांब, ऊन रणरणतं, आणि माणसं स्वतः शिडीवर चढून भिंती पांढऱ्या करत होती. मावशीचे हत्ती गेले, मोर गेले, संत्री गेली. मी तिच्या दारात जाऊन उभी राहिले. ती बुरुश धूत होती. "तीस वर्षं तू एका दमात पुसली वं," ती म्हणाली आणि पुन्हा धुवायला लागली.

पुढची फेरी होणार नाही असं सगळ्यांना वाटलं. ती ठरल्या वेळी निघाली. मी लांबून, मागून चालले. पहिल्या पांढऱ्या भिंतीपुढं मावशी थांबली, काठी उचलली, चुन्याकडे रोखली, आणि एक शब्द न बोलता उभी राहिली. मग "पुढं चला." दुसऱ्या पांढऱ्या भिंतीपुढंही तसंच. तिसरीपाशी एक मुलगी खुदकन हसली आणि अख्ख्या फेरीला उमगलं. ज्यांनी चुना लावला त्यांनी आपणच सही केली होती. ज्यांना लपवायचं नव्हतं, त्यांच्या भिंती रंगीत उभ्या होत्या. त्या दिवशी चार वाजेपर्यंत मावशी एकाच पांढऱ्या भिंतीपुढं थांबली. चहा फार गोड होता म्हणतात. मला बोलावलं नव्हतं.

त्यानंतर मावशीला बोलावणाऱ्यांची भाषा बदलली. "मावशी, हात छातीवर काढजो बरं." तिचं उत्तर ठरलेलं. "काढते ना भाऊ. पहिले तुमचा ठेवा." काहींनी ठेवला, काहींनी दुसरा पेंटर बोलावला. पण मावशीनं काढलेला छातीवरचा हात म्हणजे घराची इभ्रत, असं सौंसरपासून पांढुर्ण्यापर्यंत होऊन बसलं.

म्हणूनच माझ्या भावाचं लग्न ठरलं तेव्हा बाबांनी तिलाच बोलावलं. बाबा निवृत्त मास्तर. आमच्या ओसरीत तेव्हा नवीकोरी मोटारसायकल उभी होती, सीटवरचं प्लास्टिकसुद्धा न काढलेली. मुलगी रामाकोना गावची, गाडी तिच्या वडिलांनी 'खुशीनं' दिलेली. मी महिनाभर ती गाडी पाहत होते आणि गप्प होते. लग्न होऊ दे, मग बोलू, असं स्वतःला सांगत होते. गावोगाव 'हुंडा घेणारा भिकारीच!' चिकटवणारी मी.

मावशी रंगांचे डबे घेऊन बसनं आली. माझ्याशी बोलली नाही. दोन दिवसांत गणपती झाला, हत्ती झाले, संत्र्यांनी लगडलेल्या फांद्या झाल्या, दोन्ही हातांनी दंड धरलेला एक चोपदार झाला. दुसऱ्या चोपदाराची बाही मनगटापर्यंत काढून ती खाली उतरली आणि चहा प्यायला बसली. घर पाहुण्यांनी भरलेलं.

"गुरुजी, सारं झालं. एक हात राहिला. कसा काढू?"

बाबा गाडीकडे न बघता म्हणाले, "छातीवर काढा ना. त्यांनी आपल्या खुशीनं दिली आहे."

"मले काय माहीत बापा, मी कावळा." तिनं कानामागचा बुरुश काढून माझ्यापुढं धरला. पुष्कळ दिवसांनी ती माझ्याकडे पूर्ण वळली होती. "घे पाम्प्लेट. तुले लय बोलता येते. आज काढून दाखव."

मी बुरुश घेतला. मी तो हात काढला. पसरलेला. चांगला नाही आला. बोटं वांग्यासारखी झाली आणि अंगठा चुकीच्या बाजूला लागला.

"घराची अब्रू घालवली पोरीनं!" आत्या किंचाळली.

मावशी डोळे बारीक करून भिंतीकडे बघत होती. "अब्रू नाही वं बाई," ती म्हणाली, "अंगठा चुकला."

सगळ्यांत आधी नवरदेवच हसला, माझा भाऊ. हसता हसता उठला, बाबांकडे एकदा बघितलं, किल्ली घेतली आणि रामाकोन्याला गाडी पोचवून बसनं परत आला. बाबा त्या रात्री जेवले नाहीत. सकाळी मावशीपुढं जाऊन उभे राहिले. "गाडी गेली. आता तो हात मागं घ्या."

"पसरलेला हात मागं नाही येत गुरुजी. त्याच्यात काही देण्यासारखं ठेवा लागते." ती शिडीवर चढली आणि त्या वेड्यावाकड्या तळव्यावर तिनं एक संत्रं ठेवलं, देठाला दोन हिरवी पानं असलेलं. मागणारा चोपदार देणारा झाला. वरात त्याच दारातून आत आली.

"अन् अंगठा?" बाबांनी विचारलं.

"तो तुमच्या पोरीचा गुन्हा हाये. राहू द्या." हे ती भिंतीकडे तोंड करून म्हणाली. मी ऐकलं.

त्या वर्षी हिवाळ्यात मावशी गेली. तेराव्याला तिच्या सुनेनं ती बांबूची काठी माझ्या हातात दिली. म्हणाली, आजारपणात सांगून ठेवलं होतं, काठी पाम्प्लेटला द्या, छत्री देऊ नका, हरवील.

आता पांढुर्ण्यातली भिंतफेरी मी काढते, आणि मुद्दाम अशा बेतानं की चार वाजता आमच्याच दारी पोचावं. मी मावशीइतकं चांगलं बोलत नाही, अजून ओरडते. चोपदारापाशी कोणी ना कोणी विचारतंच, एवढ्या सुंदर भिंतीवर हा हात कोणी बिघडवला? मी सांगायच्या आत बाबा चहाचा ट्रे घेऊन बाहेर येतात, ट्रे ओट्यावर ठेवतात आणि चष्मा सारखा करत, मास्तरांच्या आवाजात म्हणतात, "अंगठा चुकलाय. हात बरोबर आहे."