चरवी धरणारा गुडघा

शाळेत आम्हा शिक्षिकांचा खो-खोचा सामना होता. उद्घाटक उशिरा आले, सत्कार लांबले, तासभर खुर्चीत बसून माझं अंग गार पडलं. पहिल्याच वळणाला डाव्या गुडघ्यात कट्कन आवाज झाला. लिगामेंट पूर्ण तुटला. उत्तेजनार्थ शाल मिळाली.

नंदुरबारच्या डॉक्टरांनी टेबलावर प्लॅस्टिकचा गुडघा ठेवला. तुटलेला लिगामेंट नुसता शिवून भागत नाही म्हणाले. त्या जागी स्नायूची दुसरी दोरी बसवायची. ती गुडघ्याच्या वाटीखालून काढता येते, मांडीच्या मागून किंवा घोट्याच्या बाहेरच्या बाजूने.

"मॅडम, खेळ कोणता खेळता? त्यावर ठरवू."

भिंतीवर धावणारे, उड्या मारणारे फोटो होते. मी म्हटलं, "म्हैस दोहते."

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. मला मात्र पुन्हा दोहायला बसता येईल का, तेवढंच विचारायचं होतं. गावी, कोरीटला आमची एक म्हैस आहे. पारडी होती तेव्हापासून मी वाढवलेली. माझ्याशिवाय कुणी खाली बसलं, की ती दूध चोरते आणि लाथ झाडते. नवऱ्याने स्पष्टच सांगितलं होतं, तुला बसता आलं नाही तर विकावी लागेल.

सोबत आलेल्या सासूबाई मध्येच म्हणाल्या, "डाक्टर, मन्ही दोरी काढी ल्या ना. मी ते आते घरमाज बठेल ऱ्हास."

"आजी, ह्यांचीच चांगली. आणि दुसऱ्याची घेतात ती माणूस गेल्यावर."

"मंग थांबा जरासं," म्हणत सासूबाईंनी पदर खोचला. मला वाटलं, रागावून निघाल्या. त्यांनी कोपऱ्यातली कचऱ्याची बादली उचलली, डॉक्टरांसमोर उकिडव्या बसल्या, बादली दोन्ही गुडघ्यांत आवळली आणि हवेत दोहायला लागल्या. "हाई अशी चरवी धरनी पडस. जोर आठे, आनी आठे," त्यांनी गुडघा आणि मांडी थोपटून दाखवली.

डॉक्टर खुर्चीतून उठून त्यांच्यासमोर उकिडवे बसले. गुडघे कुठे वाकतात, मांड्या कशा आवळतात, निरखून पाहिलं. उठताना त्यांना टेबल धरावं लागलं. सासूबाई नुसत्याच उठल्या.

"वाटीखालची नको, अशा बसण्यात पुढून दुखत राहायची भीती," ते म्हणाले. "मांडीची बहुतेकांना घेतो, पण ह्यांना वाकवायला आणि आवळायला तिथलाच जोर लागणार. घोट्याची घेऊ."

"घोटा लंगडाई का?"

"व्यायाम केला तर शक्यतो नाही. पण सहा महिने उकिडवं बसायचं नाही."

ऑपरेशननंतरचे ते सहा महिने आमच्या घरातले सर्वांत करमणुकीचे. मी म्हशीच्या तोंडाशी खुर्ची टाकून तिची मान खाजवायचे आणि मागे नवरा माझी साडी गुंडाळून दोहायला बसायचा. म्हैस अर्धी फसायची. तेवढं दूध काढून घ्यायचं, लाथ यायच्या आत पळायचं. एकदा तलाठी सातबाऱ्याच्या कामासाठी आले. नवरा पदर सावरत म्हणाला, "या, बसा." तलाठ्यांनी दारातूनच नमस्कार केला.

डॉक्टरांनी परवानगी दिली, त्या संध्याकाळी मी गोठ्यात गेले. हळूहळू खाली बसले. गुडघा ताणला, पण वाकला. चरवी धरली. म्हशीने मागे वळून हुंगलं आणि पान्हा सोडला. पहिली धार चरवीच्या तळाशी वाजली तेव्हा मी एकटीच हसत होते.

खरी परीक्षा उठायची होती. नवरा हात पुढे करून उभा. "धर."

"सरक," मी म्हटलं. डाव्या पायावर भार टाकला, चरवी सांभाळली आणि उभी राहिले. एक थेंब सांडला नाही.

सासूबाईंनी माझ्या गुडघ्याकडे पाहिलंही नाही. चरवीत वाकून बघितलं.

"फेसच जास्त शे," त्या म्हणाल्या. "सकाय जरा जास्त बठजो."