रुदेसिंदाबाईचं चिपडाचं झुडूप

सासूला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा नेलिदाला वाटलं, किती हळवी बाई ही! हसू नका, तुम्हालाही तेच वाटलं असतं. कोर्दोबा शहराहून आलेल्या बसमधून नवी सून उतरतेय, आणि फाटकात रुदेसिंदाबाई उभी, दोन्ही डोळ्यांतून घळाघळा पाणी. नेलिदानं धावत जाऊन मिठी मारली, स्वतःही मनसोक्त रडून घेतलं.

"तुला काय झालं गं?" म्हातारी म्हणाली. "सोड मला, भट्टीत पाव करपतोय."

हळवी कसली! अंगावर वळू आला तर वळूच बाजूला झाला असता. डोळे मात्र बारा महिने गळायचे. अंगणात मातीची भट्टी, अख्ख्या गावाचा पाव तिच्याकडे. लाकूड आणायचा बेलार्मिनो, खेचराच्या गाडीतून, आणि बदल्यात त्याच्या घरी पाव जायचा. दोघं एकाच गल्लीत नागडी वाढलेली, त्यामुळे बोलणं कमी, भांडण जास्त.

फाटकाशी ते झुडूप. पिवळी फुलं आणि त्यातून लांबच लांब लाल मिशा, हाताला चिकट. आमच्याकडे त्याला 'कुत्र्याचं चिपड' म्हणतात. हात लावला, वास घेतला की डोळे येतात, असं म्हणत म्हणत आम्ही सगळ्या म्हाताऱ्या झालो. कुणी लावलेलं नाही ते. तीन वर्षांपूर्वीच्या कोरड्या साली बकऱ्यांनी कुंपण खाल्लं, दाराशी ठेवलेला झाडू खाल्ला, ह्याला मात्र तोंड लावलं नाही. सगळं उजाड आणि हे एकटं फुललेलं. तेव्हापासून भांडी धुतलेलं पाणी रुदेसिंदाबाई ह्यालाच घालायची.

तर यंदा सांता लुसिया संतिणीच्या सणाआधी बेलार्मिनो आला, पाठीमागे पाच-सहा बायका. सणाच्या कमिटीचा मुख्य ना तो! जुना रस्ता खणून ठेवलेला, म्हणून मूर्तीची मिरवणूक रुदेसिंदाबाईच्या दारावरून जाणार होती.

"रुदे, हे झुडूप तोडायचं."

"का रे?"

"अगं, डोळ्यांची राखणदारीण ती! हातातल्या ताटात डोळे घेऊन उभी. तिला ह्या चिपडाच्या वाटेनं न्यायचं?"

"तिच्याकडे दोन जोड आहेत, एक तोंडावर, एक ताटात. तिला कसली भीती?"

बायका फिस्सकन हसल्या. बेलार्मिनो चिडला. "तुझेच डोळे बघ! हाच पुरावा."

"धुरानं होतं ते."

"चुली काय बाकीच्या बायका पेटवत नाहीत? त्यांचे गळतात का?"

बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. खरंच, कुणाचे गळत नव्हते.  पण हार मानली तर ती रुदेसिंदा कसली!

"उद्यापासून नऊ दिवस प्रार्थना आहे ना? नऊ दिवस मी ह्याच्याखाली खुर्ची टाकून बसते. भट्टी बंद. सणाला डोळे गळत असले तर मीच कुऱ्हाड घालीन."

"आणि पाव?"

"संतिणीकडे माग."

आणि बसली की हो! कानावर चिपडाचं फूल, हातात 'माते' नावाच्या कडू चहाचा पेला, मांडीवर शिवण. दुपारी उन्हानं शेंगा ताडकन फुटायच्या. "बघ, हेही उलट उत्तर देतं," म्हणायची. गावानं शहरातून आलेला पाव खाल्ला, तो असा की दात आधी मोजून घ्यावेत. बायका नेलिदाला कोपऱ्यात घेऊन म्हणायच्या, "तोडून टाक म्हणावं गं!" नेलिदा रोज सकाळी चोरून सासूचे डोळे बघायची. तिसऱ्या दिवशी ओले, पाचव्या दिवशी जरा बरे. सातव्या दिवशी वावटळीनं अख्ख्या गावाच्या डोळ्यांत धूळ भरली.

"आत तरी चला, सासूबाई!"

"स्वतःच्या बाजूनं बोलायला ह्या झुडपाला तोंड आहे का? मग मी का उठू?"

नववा दिवस मावळला. सणाच्या पहाटे तिनं नेलिदाला भट्टी पेटवायला सांगितलं, मिरवणुकीनंतर वाटायला पाव तर हवाच ना! स्वतः खुर्चीतून हलली नाही.

मिरवणूक फाटकाशी थांबली. रुदेसिंदाबाईनं सगळ्यांदेखत सुई उचलली आणि पहिल्या झटक्यात दोरा ओवला. डोळे कसे, आटलेल्या विहिरीच्या तळासारखे कोरडे! बेलार्मिनोनं तोंड उघडलं, तोच भट्टीकडून नेलिदा आली. घळाघळा पाणी, नाक लाल, हातात ओंडका.

"बघा! सुनेला बाधलं!" बेलार्मिनो ओरडला.

"सासूबाई, मी झुडपाला बोटही लावलेलं नाही," नेलिदा म्हणाली, आणि ओंडक्याची साल नखानं सोलली. आत हिरवंगार. तिनं दाबलं तर ओलावा बोटाला लागला.

रुदेसिंदाबाईनं ओंडका घेतला, उलटासुलटा केला, वास घेतला. "वर्षभर वाळवलेलं म्हणतोस ना रे, बेला?"

"ते... आतून वाळायला वेळ लागतो."

"बाकीच्या बायका आपलं लाकूड आपण तोडून आणतात. म्हणून त्यांचे गळत नाहीत. तू झाड पाडतोस सोमवारी आणि मला रडवतोस मंगळवारपासून!"

आता बायका बेलार्मिनोकडे बघायला लागल्या. टोपी त्याच्या हातात गोल गोल फिरायला लागली.

"पुढच्या खेपेला वाळकं आणतो."

"पुढच्या खेपेला नाही. आज."

"आज सण आहे, रुदे!"

"म्हणूनच तर. गावाला पाव हवाय." ती खुर्चीत मागे रेलली. "आणि जाताना वाकून जा, फांदी खाली आलीये."

वाकला तो. खांद्यावर मूर्ती असलेलेही वाकले. एक चिकट पिवळं फूल मात्र बेलार्मिनोच्या भुवईला जाऊन बसलं.

"डोळे चोळू नकोस रे!" मागून हाक आली.

"मी नाही चोळत!"

"चोळतोयस."

आणि त्यानं हात खाली घेतला.