वरच्या डॉक्टरांचं बेट

एका जागी बसणं हा कायद्याने गुन्हा असता, तर सबंध साउथहॅम्प्टनमध्ये आमच्या वरच्या मजल्यावरचे डॉक्टर तेवढे निर्दोष सुटले असते. साठच्या दशकात ते आमचे भाडेकरू होते. मूळचे वाईचे. चहा ते जिन्यात पीत, जेवण ओट्याशी उभ्याने उरकत, आणि खोलीत फेऱ्या घालू लागले की खाली आमच्या किचनमधला दिवा हलायचा. ड्यूटी नसली की बस पकडून थेट गोदीवर. सुटणाऱ्या बोटी बघायच्या आणि परत यायचं. कुठे निघालात विचारलं की म्हणत, "जरा ग्रीसला जाऊन येतो."

कारण डॉक्टर कादंबरी लिहीत होते. ग्रीक बेटावरची, मराठीत. ग्रीक पुराणातल्या घर चुकलेल्या राजाची गोष्ट त्यांनी आजच्या काळात आणली होती. राजाचा झाला मालवाहू बोटीवरचा आचारी आणि राणी बेटावर बकऱ्या राखत त्याची वाट बघू लागली. स्वतः डॉक्टरांनी ग्रीस पाहिलं होतं ते एकदाच, इंग्लंडला येताना डेकवरून, आणि ते बेट होतं की ढग यावर सहप्रवाशांत एकमत नव्हतं. बाकीची माहिती कोपऱ्यावरच्या चिप्सवाल्याकडून. तो बिचारा सायप्रसचा, पण मासे तळता तळता त्याला ऑलिव्हची सावली कशी पडते ते सांगावं लागे. रविवारी आमच्या किचनमध्ये वाचन. पहिल्याच प्रकरणात आचारी निघतो आणि बायको त्याच्या हातावर दही ठेवते.

"अहो डॉक्टर, ग्रीक बाई कशाला दही ठेवील?" मी म्हणालो.

"मग बकऱ्या कशाला दिल्यात मी तिला?"

पुढे मात्र गाडं अडलं. दर रविवारी बेट दिसू लागे आणि दर रविवारी समुद्रदेव खवळे. एकदा तर किनारा हाकेच्या अंतरावर असताना बोटीचं इंजिन बिघडलं. शेवटी माझी बायको वैतागली. "भाऊजी, पोचवा ना हो त्याला घरी."

डॉक्टर ओट्यापासून दारापर्यंत गेले, परत आले. "रिकाम्या हाताने कसा पोचवू, वहिनी?"

हिने माझ्याकडे पाहिलं. वाईला डॉक्टरांची बायको शाळेत शिकवत होती, सासूला सांभाळत होती. सर्जरीची फेलोशिप घेऊनच येतो, असं सांगून हे निघाले होते, आणि ती परीक्षा काही केल्या हाती लागत नव्हती. दरवर्षी म्हणत, "नेक्स्ट समरला नक्की."

"ती काय त्याचे हात बघायला उभी आहे का?" ही हळूच म्हणाली.

पुढच्या रविवारी डॉक्टर आले आणि चक्क खुर्चीत बसले. आचारी किनाऱ्याला लागला होता. बायकोने त्याला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाली, "पाय धू, जेवायला वाढते." एवढं वाचून डॉक्टरांनी वही मिटली. महिन्याभरात त्यांनी बोटीचं तिकीट काढलं.

निघताना ही दह्याची वाटी घेऊन दारात उभी राहिली. डॉक्टरांनी दोन्ही हात मागे घेतले. "नको, वहिनी. तुम्ही दही दिलंत तर परत यावं लागेल."

त्या दह्याची आम्ही कढी केली. अजूनही रविवारी चहा टाकला की माझी नजर वर जाते. दिवा मुळीच हलत नाही, आणि मला त्याचं फार वाईट वाटतं.