हेमांगीची लाट

दुपारचं ताट अर्धवट सारून विष्णू तांडेल ओटीवरच्या खाटेवर आडवे होतात. दाराला आतून कडी आहे. कुंपणाबाहेर आज दोनच कॅमेरेवाले उरलेत. पहिल्या दिवशी उभं राहायला जागा नव्हती. अकरा दिवसांपूर्वी त्यांची मुलगी हेमांगी गावच्या खडपावरून, किनाऱ्यालगतच्या खडकांवरून, लाटेत ओढली गेली. कुणा पर्यटकाने ते टिपलं: फोन उंच धरून उभी असलेली मुलगी, मग फेस, मग नुसता खडक. साऱ्या मुलखाने ते पाहिलं. फोटोच्या नादात जीव गेला म्हणून लोक हळहळले, काही हसलेही. आईबापाने वळण लावलं नाही, असंही कुणी लिहिलं. चाळीस वर्षं मासेमारी केलेल्या विष्णूंनी मात्र ते एकदाही पाहिलेलं नाही.

डोळे जड होतात. बाहेरची कुजबुज लांब जाते आणि भरतीच्या आवाजात मिसळते.

“बाबा, जरा सरका.”

हेमांगी खाटेच्या कडेला बसलेली आहे. केस ओले, गालावर मीठ वाळलेलं. ती गेलीय हे विष्णूंना ठाऊक आहे. तरी ते सरकून जागा देतात.

“तो व्हिडिओ बगितलात?”

“नाय गो. माका बगवना नाय.”

“मग चला. मी दाखवतंय.”

गुडघ्याच्या ऑपरेशनपासून दोन महिने ते काठीशिवाय चाललेले नाहीत, पण काठीची आठवणही होत नाही. ओटीची पायरी उतरतात ते थेट खडपावर. पायांखाली कालवांच्या धारदार शिंपा. मागे स्वयंपाकघरात त्यांची बायको सुमती भांडी घासतेय, आणि पुढे पाणीच पाणी.

“स्वतःचो फोटो काढी होतंस?”

“माझो?” ती हसते. “तुमच्यासाठी ओ. दोन महिने भिंत बगत पडल्यात. लाटा मोठ्यो येत होत्यो. म्हटला, बाबांका दाखवया.”

विष्णू तिच्याकडे वळतात. “म्हणजे माझ्यापायी...”

“तसा म्हणा नको. बगा आता.”

समुद्र मागे सरतो आणि उठतो. एवढी लाट त्यांनी उभ्या जन्मात पाहिलेली नाही. माथ्यावर पोचून ती थांबते. ऊन तिच्यातून आरपार येतं, आणि त्या हिरव्या उजेडात तारली माशांचा अख्खा थवा एकदम वळतो. कसलाच आवाज नाही. भांड्यांचासुद्धा नाही. विष्णूंचे हात आपोआप जोडले जातात.

“भियालंस काय गो?” ते हळूच विचारतात.

“भियाक वेळ खंय होतो? इतक्याच वाटला, केवढा मोठा आसा ह्या सगळा!”

ती पुढे चालू लागते. ते हात लांब करतात, पाय उचलतात...

“अवो, काय झाला? ओरडलात कित्याक?”

सुमती खाटेशी उभी आहे. विष्णू उठून बसतात, धापा टाकत.

“ती माका दाखवी होती,” ते म्हणतात. “आमची हेमा माका समुद्र दाखवी होती.”

सुमतीची नजर त्यांच्या उजव्या पायाच्या तळव्यावर आहे. तिथे ताजी चीर पडलीय. ती सुई आणते आणि जपून कोरून कालवाच्या शिंपीचा बारीक तुकडा बाहेर काढते. तुकडा ओला आहे. दोन महिन्यांत त्या पायाने अंगण ओलांडलेलं नाही.

बराच वेळ ती तो उजेडात धरून बघते. मग जिभेला लावते.

“खारट आसा,” ती म्हणते.